त्र्यंबकरावांची शेवटची घंटी जावयाने घेतली त्याची हकीकत

श्री. विघ्नहर्त्यास, कुलस्वामिनीस आणि पडद्यामागे राहोन चित्रे नाचविणाऱ्या समस्त अनाम कारागिरांस दंडवत घालोन लिहिणार लिहितो ऐसाजे. शके एकोणीसशे अठ्ठेचाळीस, पराभवनाम संवत्सर, अधिक ज्येष्ठ मास. संवत्सराचे नाव पराभव, हे लिहिणाराने पदरचे घातले नाही, पंचांगातच तैसे आहे, हवे तर उघडोन पाहावे. ते समयी एक राज्य होते. राज्याचे नाव लिहीत नाही, कारण जे घडले ते लाजिरवाणे, आणि ज्यांचे हातून घडले ते अजून हयात आहेत, सकाळी दूध आणावयास खाली उतरतात, त्यांस चार माणसांत तोंड दाखवावयाचे आहे. राज्य म्हणाल तर लहान: दोन खोल्या, स्वयंपाकघर, आणि सरहद्दीस एक गॅलरी, तीत तुळस व वाळत घातलेले पापड. या राज्याचे धनी त्र्यंबकराव. पूर्ववयात एसटीचे सारथ्य करीत, आणि घाटात ऐसी गाडी हाकीत की मागल्या गाडीचे नाक कधी पुढे येऊ दिले नाही. त्यांचे कुटुंब कुमुदिनीबाई, राज्याच्या खऱ्या कारभारी. कन्या शाल्मलीबाई, परमुलखी दिलेल्या. आणि जावई शिरीषराव, ज्यांचे पायी ही सारी बखर.

ऐसियास पूर्ववृत्तांत ऐसा की, मागील साली त्र्यंबकरावांस अर्धांगाचा झटका आला आणि उजवा हात बंड करोन उठला. वाचा महिन्यात परतली, पाय काठीच्या आधारे परतला, परंतु उजवा हात काही केल्या रुजू होईना, आणि अंगठा तर अगदीच फितूर. व्यायाम शिकवणाऱ्या बाई घरी येत. त्यांनी फर्माविले, "काका, रबरी चेंडू दाबत जा, बोटं हलती ठेवा." राव दोन दिवस चेंडू दाबीत आणि मग रागाने गॅलरीतून खाली टाकीत, आणि खालील बिऱ्हाडकरू तो वर आणोन देत, आणि मग राव पुन्हा टाकीत. तेव्हा शाल्मलीबाईंनी मसलत केली आणि टीव्हीस जोडावयाचा एक खेळ आणोन दिला. त्यात एक करडू. कपाळी पांढरा ठिपका, सबब रावांनी त्याचे नाव चांद्या ठेविले. चांद्या कडेकपारींतून उड्या मारीत जाई, आणि मुलखामुलखात सोन्याच्या घंट्या दडवोन ठेविलेल्या, त्या हुडकावयाच्या. साऱ्या हाती लागल्या म्हणजे डोंगरमाथ्यावरील दरवाजा उघडतो आणि चांद्यास त्याचा हरवलेला कळप भेटतो. डाव्या अंगठ्याने चालावयाचे आणि उजव्याने उडी मारावयाची, ऐसी त्या खेळाची रीत. कोणी म्हणाले, यंत्रात बदल करोन उडीचे बटण डाव्या हाती घेता येते. राव उसळले, "मग त्यात काय राहिलं? डाव्यानं तर मी चहाही पितो!"

प्रथम चांद्या दर पावली दरीत जाई. राव त्यास शिव्या घालीत, आणि कुमुदिनीबाई आतून म्हणत, "अहो, शेजारी ऐकतील!" परंतु हळूहळू अंगठा वठणीवर येऊ लागला, आणि रावांस त्या दडवणाऱ्याची खोड कळो लागली. सारे उजवीकडे धावतात, म्हणोन एक घंटी आरंभीच डावीकडे, पडद्याच्या काठाबाहेर. एक धबधब्यामागे. एक ऐशा भिंतीत, जिचा रंग बाजूच्या भिंतीहोन किंचित फिका, आणि शिंग मारिले की भिंत कोसळे. एक तर विहिरीच्या तळाशी, जेथे पडले की माणूस मरणारच ऐसे वाटावे, आणि जो न भिता पडेल त्यासच ती मिळावी. ती सापडली त्या दिवशी रावांनी बाईंस हाक मारोन बोलाविले आणि म्हणाले, "बघ, बघ! ह्या लेकानं कुठं लपवून ठेवली होती! पण मीही काय कमी आहे?" बाई हात पुसत आल्या, त्यांस काही समजले नाही, परंतु रावांचे तोंड पाहोन त्यांनी त्या रात्री शिरा केला. मग शाल्मलीबाईंस फोन जाऊ लागले, आज अमुक मुलूख घेतला, उद्या तमुक घेणार, आणि शाल्मलीबाई ते सर्व जेवताना शिरीषरावांस सांगत, आणि शिरीषराव हाती मोबाईल धरोन "हं, हं, मस्त" ऐसे म्हणत. वाचणाराने हे ध्यानी ठेवावे. लिहिणारास या "हं, हं"चा पहिल्यापासोनच राग आहे.

होता होता एकच घंटी उरली. ती काही दडलेली नव्हती. रावांनी ती केव्हाच हुडकिली होती: मोडक्या पुलाखाली, खडकाच्या फळीवर, येताजाता समोर दिसे. परंतु तेथे पोचावयास उडी मारोन, ऐन उंचीवर दुसरे बटण दाबोन, पहिले न सोडता झेप घ्यावी लागे, आणि ते सारे त्याच फितूर अंगठ्याने. राव रोज दुपारी चहाआधी बसत आणि पडत. पडत आणि पुन्हा जात. अलीकडे चांद्याचे पुढचे खूर फळीच्या कडेस लागू लागले होते. व्यायामाच्या बाई पाहोन म्हणाल्या, "काका, हे होणार. महिन्याभरात होणार बघा." घरातले सर्व त्या एका गोष्टीची वाट पाहात होते, आणि कोणी ती तोंडाने बोलत नव्हते.

इतकियात अधिक मास लागला. अधिकात जावयास बोलावोन तेहतीस अनारसे व दिवा ताटात घालोन वाण द्यावयाचे, त्याचा शब्द खाली पडू द्यावयाचा नाही, त्यास कोणी उलट बोलावयाचे नाही, ऐसी रीत. कुमुदिनीबाई रीतीच्या पक्क्या. त्यांनी आठ दिवस आधी तांदूळ भिजविले आणि रावांस बजाविले, "हे बघा, ते चार दिवस राहणार. टीव्हीवर क्रिकेट लावा म्हणाले तर लावायचं. तोंड वाकडं करायचं नाही." मग स्वारी आली. शिरीषराव स्वभावाने वाईट नव्हेत, हे लिहिले पाहिजे. येताना रावांसाठी मऊ चपला घेऊन आले, बाईंचे पाया पडले, आमरसाची वाटी पुन्हा पुन्हा भरोन घेतली, आणि मग दिवाणावर आडवे जाहले. शाल्मलीबाई जावयाच्या अहेराचा सदरा शिंप्याकडोन आणावयास बाजारी गेल्या. राव आपले नित्याप्रमाणे खेळाचा रिमोट घेऊन मोडक्या पुलापाशी गेले.

चांद्या पडला. पुन्हा गेला, पुन्हा पडला. शिरीषराव लहानपणापासोन या विद्येत निपुण, त्यांचे हात शिवशिवू लागले. ते उठोन बसले, मग खुर्ची पुढे ओढिली, मग म्हणाले, "अण्णा, थोडं उशिरा दाबताय तुम्ही." राव म्हणाले, "हो का?" आणि पुन्हा पडले. शिरीषरावांनी हात पुढे केला. "एक मिनिट द्या बरं इकडे. आत्ता काढून देतो तुम्हाला." रावांनी रिमोट घट्ट धरिला. मग दारात उभ्या बाईंकडे पाहिले. बाईंनी डोळे मोठे केले. त्या डोळ्यांचा अर्थ: द्या हो, जावई मागताहेत. रावांनी रिमोट सदऱ्यास पुसला आणि दिला. येथे लिहिणाराचा हात थांबतो. अरे, एवढा घाट चढोन आलेला माणूस, त्याच्या हातातील चाक शेवटल्या वळणावर काढोन घेतोस? परंतु कोणी काही बोलले नाही, आणि शिरीषरावांनी पहिल्याच झेपेस घंटी घेतली.

घंटी वाजली. डोंगरमाथ्यावरील दरवाजा उघडला, सनया वाजल्या, पडद्यावर फुले उधळली गेली, आणि चांद्या धावत जाऊन आपले कळपात शिरला. मग करणाऱ्या कारागिरांची नावे खालोन वर चालू लागली, ती सरता सरेनात, आणि तिघे बसोन ती पाहात राहिले. शिरीषराव म्हणाले, "सोपं असतं हो. अंगठा उचलायचाच नाही, नुसता असा लोळवायचा. हे बघा." आणि आपला अंगठा लोळवोन दाखविला. राव म्हणाले, "वा. हात आहे बुवा तुमचा." कुमुदिनीबाई म्हणाल्या, "हुशारच आहेत आमचे जावई," आणि आत गेल्या, आणि आत भांडी ऐसी वाजली की जणू कोणी फळीवरोन लोटिली. शिरीषरावांस वाटले, मांजर असेल.

तितक्यात शाल्मलीबाई बाजारातोन आल्या. त्यांनी दारातोनच पडद्याकडे पाहिले, कळप पाहिला, उघडा दरवाजा पाहिला, आणि हातची पिशवी तेथेच टाकोन धावल्या. "अण्णा! घेतलीत? घेतलीत तुम्ही?" म्हणोन त्यांनी बापाचा उजवा हात दोन्ही हातांनी धरिला आणि आपले गालास लाविला, आणि रडो लागल्या, आणि हसो लागल्या. "आई! अगं आई, बाहेर ये! अण्णांनी घेतली!" राव पडद्याकडेच पाहात होते. हळूच म्हणाले, "आपल्या शिरीषरावांनी घेतली, बाळ." शाल्मलीबाईंनी हात सोडिला नाही. फक्त मान वळवोन नवऱ्याकडे पाहिले. शिरीषरावांचे हाती अद्याप रिमोट होता, तो ठेवावा कोठे हे त्यांस समजेना.

मग गॅलरीत पापडांपाशी नवराबायकोचा दरबार भरला. शिरीषराव म्हणाले, "मला काय माहीत गं? मला वाटलं त्यांना जमत नाहीये, मदत करावी." शाल्मलीबाई म्हणाल्या, "सांगितलं होतं तुला. कितीदा सांगितलं होतं. त्या बाई काय म्हणाल्या तेही सांगितलं होतं. तू हं हं करत होतास." शिरीषरावांनी एक पापड उलटा केला. मग म्हणाले, "मग इथं कोणी बोललं का नाही? थांब म्हणायचं ना मला!" "तुला? अधिकात? आई जीभ हासडेल एकेकाची!" तेव्हा शिरीषरावांचे कान तापले, आणि धरणी दुभंगेल तर बरे ऐसे जाहले. ते आत जाऊन यंत्राची कळ न् कळ धुंडू लागले, की मागे जाता येते काय, घेतलेली घंटी परत ठेविता येते काय. परंतु त्या खेळाची रीत ऐसी की, घंटी हाती आली की यंत्र आपणहोन तेवढा खेळ नोंदोन मोहर उठविते, मग ब्रह्मदेव आला तरी मागचे दिवस येत नाहीत. मग त्यांस दुसरी युक्ती सुचली आणि ते बायकोस म्हणाले, "मी सगळा खेळ नव्यानं खेळतो. शेवटची एक तेवढी सोडतो. चार दिवसांत होईल." शाल्मलीबाई म्हणाल्या, "अण्णांनी ज्याला वर्ष घातलं ते तू चार दिवसांत उरकणार. आणि मग त्यांना म्हणणार, घ्या. कळतंय का तुला, काय बोलतोयस?" शिरीषरावांस कळले, आणि न कळते तर बरे होते.

मग त्यांनी प्रायश्चित्त म्हणोन आणखी एक घोळ केला. स्वयंपाकघरात जाऊन म्हणाले, "आई, ते वाण-बिण राहू दे. मला नको." बाई तुपात अनारसे सोडीत होत्या. त्यांचा झारा हवेतच राहिला. "नको म्हणजे? काय कमी पडलं आमच्याकडून? ह्यांचं तोंड उतरलेलं दिसलं का तुम्हाला? अहो, ते तसेच आहेत, मनावर घेऊ नका. काय चुकलं ते सांगा ना मला." आणि डोळ्यांस पदर लाविला. शिरीषराव म्हणाले, "तुमचं नाही हो काही चुकलं, माझं..." परंतु बाई ऐकतात कशास? जावई रुसला, अधिकात रुसला, आता लोकांस काय सांगावे, एवढेच त्यांचे मनी. घंटी घेतली ती एक लाज, घरची गृहिणी रडविली ती दुसरी. मग शिरीषराव मुकाट्याने गेले, नवा सदरा अंगी घातला, आणि दिवेलागणीस पाटावर बसले. पाटाभोवती रांगोळी, समोर समई, आणि मध्ये हा मान खाली घातलेला मानकरी.

तांब्याच्या ताटात अनारसे रचिले, वर दिवा ठेविला. कुमुदिनीबाईंनी ओवाळिले, कुंकू लाविले आणि म्हणाल्या, "शिरीषराव, आमच्याकडे पद्धत आहे. अधिकाच्या जावयानं काहीतरी मागायचं, आणि सासऱ्यानं नाही म्हणायचं नाही. मागा काय हवं ते." त्यांचे मनी अंगठी होती, आणि ती त्यांनी कपाटातोन काढोनही ठेविली होती. शिरीषराव म्हणाले, "काहीही?" "काहीही." तेव्हा शिरीषरावांनी मान वर केली आणि रावांकडे पाहोन म्हणाले, "अण्णा, मला रागवा."

बाई चपापल्या. "हे काय भलतंच!" राव हसले आणि म्हणाले, "अहो, काय लावलंय? खेळ तो. पोरांचा खेळ." शिरीषराव म्हणाले, "नाही अण्णा. मी मागितलंय. नाही म्हणायचं नाही."  बाईंनी पुन्हा डोळे मोठे केले. परंतु ह्या वेळी रावांनी त्या डोळ्यांकडे पाहिलेच नाही. काठी बाजूस ठेविली आणि म्हणाले, "शिरीष." शिरीषराव नाही, जावईबापू नाही, नुसते शिरीष. "गाढवा."

"अहो!" बाई ओरडल्या. "तू गप्प बस," राव म्हणाले, "तुझ्याशी नंतर बोलतो." आणि मग जे कोंडले होते ते बाहेर पडले. "तुला कोणी बोलावलं होतं मध्ये? बोलावलं होतं का मी? वर्षभर माझं सगळं दुसरेच करतात. गुंड्या ही लावते. भात ही कालवते. दाढीला न्हावी घरी येतो. जिन्यात पाय ठेवला की कुणीतरी येऊन काखेत हात घालतं. सगळे मायेनं करतात, मग नको कसं म्हणायचं? ती एकच जागा होती, तिथं कोणी धरायला येत नव्हतं. पडलो तर मी पडत होतो, माझा मी! आणि तू आलास, आणि तेही माझ्यासाठी करून टाकलंस. तेही मायेनंच. रागवायचं तरी कसं तुझ्यावर? पण वाईट वाटलं. खूप वाईट वाटलं मला."  मग म्हणाले, "आणि मीही भित्राच. हिनं डोळे केले आणि दिला. घाटात कुणाच्या बापाला जाऊ दिलं नाही मी, आणि इथं जावई रुसेल म्हणून दिला."

शिरीषराव म्हणाले, "चुकलं अण्णा." राव म्हणाले, "चुकलंच." असू दे, ऐसे म्हणाले नाहीत. कुमुदिनीबाईंनी पदर तोंडात धरिला होता. वर्षभर जे केले ते सेवा म्हणोन केले, ते नवऱ्यास काय वाटत होते हे त्यांस आज, जावयासमोर कळले, आणि त्या भिंतीकडे पाहो लागल्या. शाल्मलीबाईही शरमल्या, कारण जिन्यात काखेत हात घालणाऱ्यांत त्याही होत्या. ऐसे चौघे बसले होते आणि कोणाची नजर कोणास भेटत नव्हती. शेवटी राव म्हणाले, "आता वाण घे. तूप थिजतंय," आणि त्यांनी दोन्ही हातांनी ताट उचलिले. ताट जड. उजवा हात थरथरला, ताट कलले, बाईंचे हात आपसूक पुढे गेले, आणि मग त्यांनी ते मागे घेतले आणि मांडीखाली दाबोन ठेविले. काही अनारसे घरंगळोन रांगोळीत पडले. दिवा पडता पडता राहिला. कोणी उठले नाही. रावांनी ताट जावयाचे ओंजळीत ठेविले, मग काठी टेकोन खाली वाकले आणि पडलेला एक एक अनारसा उचलोन, फुंकोन, पुन्हा ताटात घातला. त्यास बहुत वेळ लागला. शिरीषराव ताट धरोन बसले होते, आणि त्यांचे डोळ्यांतील पाणी पुसावयास हात मोकळा नव्हता.

एकंदर वृत्तांत ऐसा. घंटी परत जाहली नाही. त्या खेळाचे दार उघडेच आहे आणि राव पुन्हा तिकडे फिरकले नाहीत. चेंडू दाबतात, आणि टाकतात. इतउपर त्या राज्यात कोणी न विचारता हात घातला नाही, ऐसे लिहिले तर खोटे होईल, माया ही एका दिवसात सुटणारी खोड नव्हे. परंतु जावई परत निघाले त्या सकाळी कुमुदिनीबाई रावांच्या सदऱ्यास गुंड्या लावावयास गेल्या आणि वाटेतच थबकल्या, आणि काही न बोलता माघारी फिरल्या. राव खोलीत बराच काळ होते. बाहेर आले तेव्हा सदरा एक गुंडी चुकोन खालीवर जाहला होता. त्याच सदऱ्यानिशी ते काठी टेकीत जावयास पोचवावयास गाडीतळापर्यंत गेले, आणि चार माणसांदेखत म्हणाले, "शिरीष, पोचलास की फोन कर." शिरीषरावांनी होकार दिला, परंतु मान वर केली नाही. लिहिणाराने पाहिले तितके लिहिले. वाचणाराने हसावयाचे तर आपले घरी जाऊन हसावे, येथे नको.